सरकारी रीळ

आमच्या भागात तंबूतल्या सिनेमाला ‘टुरिंग’ म्हणायचे आणि मुख्य सिनेमाच्या आधी जे काही दाखवायचे त्याला ‘सरकारी रीळ’. पडद्यावर ‘भारतीय समाचार चित्र’ अशी अक्षरं उमटली की माणसं निवांत व्हायची. अजून बिडी ओढायला वेळ आहे, बैलांपुढं कडब्याच्या दोन पेंड्या टाकून येता येतं, लेकराला कनातीबाहेर नेऊन आणता येतं. सरकारी रीळ म्हणजे पानात डाव्या अंगाला वाढलेलं मीठ. पान मांडलं की ते असायचंच, पण मिठासाठी कुणी जेवायला बसत नाही.

बीड जिल्ह्यातलं, बालाघाटच्या डोंगरातलं आमचं गाव. पाऊस बेताचा, जमीन मुरमाड. बाजाराचं गाव दोन कोसांवर. दिवाळी झाली की तिथं टुरिंग यायचं आणि मृगाच्या तोंडाला तंबू गुंडाळून जायचं. चैत्र पौर्णिमेला येरमाळ्याला येडाईची जत्रा भरायची, तिथंही दोन-दोन तंबू लागायचे. दिवसभर बैलगाडीला दोन्ही बाजूंनी बोर्ड बांधून, भोंगा लावून पोरं खेडोपाडी पुकारत फिरायची. अंधार पडला की इंजिन धडधडायला लागायचं. मशीन एकच, त्यामुळं रीळ संपलं की उजेड व्हायचा आणि दुसरं चढवेपर्यंत लोक शिट्ट्या मारायचे. मधून कनात घालून एका बाजूला बाया, एका बाजूला गडी. जमिनीचं तिकीट चार आणे. नवे पैसे येऊन वर्षं झाली होती, पण पंचवीस पैसे कुणी म्हणत नसे.

हे सरकारी रीळ कुठून आलं ते मला पुढं नोकरीत असताना वाचून कळलं. त्याचं मूळ इंग्रजांच्या लढाईत होतं. १९४३ साली सरकारनं नियम केला, की प्रत्येक थेटरानं प्रत्येक खेळात दोन हजार फुटांपर्यंत सरकारमान्य फिल्म दाखवलीच पाहिजे. दोन हजार फूट म्हणजे वीस-बावीस मिनिटं. लढाईच्या बातम्या आणि प्रचार हा त्यामागचा हेतू. लढाई संपल्यावर १९४६ साली ते खातंच बंद झालं. स्वराज्य आल्यावर १९४८ साली मुंबईत फिल्म्स डिव्हिजन निघालं आणि तीच सक्ती वेगळ्या कामासाठी परत आली. १९५२ च्या सिनेमाच्या कायद्यात तशी तरतूद झाली आणि लायसनच्या अटीत ती बसली. पक्क्या थेटरापासून आमच्या फाटक्या तंबूपर्यंत सगळ्यांना ती लागू. वर त्या रिळाचं भाडंही थेटरवाल्यानंच भरायचं. आमच्या टुरिंगचा मालक बुकिंगच्या खिडकीत बसून म्हणायचा, “लोकाला फुकटचं बी नको, अन् मी पैसे देऊन दाखवायलोय.”

आमच्यापर्यंत ती रिळं फिरत फिरत, शिळी होऊन यायची. १९६४ च्या मे महिन्यात पंडित नेहरू गेले. शाळेत गुरुजी रडले. पण पुढच्या साली माघात आमच्या तंबूत नेहरू कुठल्याशा धरणाच्या भिंतीवरून झपाझप चालत होते. “हे तर गेले न्हवं?” असं एका म्हाताऱ्यानं विचारलं, तर शेजारचा म्हणाला, “आपल्याकडं अजून यायचेत.”

बातम्या नसल्या की माहितीचं रीळ. भारतात काय काय आहे त्याची आम्हां पोरांना झालेली ओळख ती हीच. केरळातल्या सापासारख्या लांबलचक होड्या, आसामातला चहाचा मळा, रेशमाचे किडे, मधमाशांचं पोळं, देवी टोचून घ्यायचं आवाहन, किलो आणि लिटर म्हणजे काय, नवे पैसे कसे मोजायचे. एकदा जपानी पद्धतीच्या भातशेतीचं रीळ आलं. गुडघाभर पाण्यात ओळीनं रोपं लावणाऱ्या बाया बघून आमच्या चुलत्यांनी कपाळाला हात लावला. “येवढं पानी असतं तर मी जपानी कशाला, मराठीच शेती केली नसती का?” म्हणाले.

निवेदन बहुतेकदा हिंदीत असायचं. दादा निजामाच्या अमलात वाढलेले, त्यांना उर्दू कळायची. पण पडद्याआडून जो बाबा बोलायचा त्याची हिंदी संस्कृताच्या वळणाची. बायांच्या बाजूला तर कुणालाच ती पुरती कळत नसे. मी पाचवीला गेलो आणि शाळेत हिंदी सुरू झाली, तेव्हापासून माझी वर्णी मायच्या शेजारी लागली. मी बारक्या आवाजात मराठीत सांगायचो आणि आजूबाजूच्या चार-पाच जणी कान द्यायच्या. त्यातली एखादी मला शेंगा द्यायची. माझी ती पहिली मजुरी.

माय वर्षा-दोन वर्षांतून एकदा सिनेमाला यायची, तेही देवाचा असेल तर. त्या माघात ‘संत तुकाराम’ आला होता. प्रभातचा हा सिनेमा १९३६ सालचा, म्हणजे तेव्हा जवळजवळ तीस वर्षांचा; पण तंबूत तो दर दोन-तीन वर्षांनी यायचा आणि दरवेळी गर्दी खेचायचा. विष्णुपंत पागनीस पडद्यावर दिसले की बाया पायातलं काढून हात जोडायच्या. गावातून सहा-सात गाड्या जुंपून सगळे गेलो.

सरकारी रीळ लागलं, तसे गडी उठून बाहेर गेले. आणि पडद्यावर आली एक बारव. दगडी, चारी बाजूंनी पायऱ्या उतरलेली, तळाशी हिरवं पाणी. बायांत एकदम कुजबुज झाली, “आपलीच बारव हाय जनू.” मग एक पाय दिसला. घोट्याच्या वर फोड, फोडातून पांढरा दोरा लोंबतोय. कुजबुज थांबली. त्या पायाला तिथली एकही बाई अनोळखी नव्हती.

नारू. ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगतो. उन्हाळ्यात पायाला, क्वचित हाताला फोड यायचा. आग आग व्हायची. फोड फुटला की आतून सुतळीसारखा पांढरा जंत डोकं काढायचा. तो ओढून निघत नाही. काडीला गुंडाळून रोज बोट-दोन बोटं बाहेर काढायचा. हातभर, दीड हात, कधी त्याहून लांब. पंधरा दिवस, महिना, दोन महिने. मधेच तुटला तर आतल्या आत पू होऊन पाय सुजायचा. कुणी म्हणायचं देवीचा कोप, कुणी म्हणायचं अंगातली शीरच सुटून बाहेर आली. धोत्र्याचा पाला गरम करून बांधायचे, नवस बोलायचे. ऐन पेरणीच्या तोंडावर घरटी एक माणूस बाजेवर.

त्याच्या तीन वर्षं आधी दादांचा नारू तुटला होता. चार महिने ते जागेवर होते. त्या साली आमचं रान अर्धेलीनं दुसऱ्याला दिलं आणि एक बैल विकला. दादा उठले, पण घोटा कायमचा आखडला. पुढं जन्मभर ते पाय ओढत चालले.

रिळात आता चित्रं आली होती, कार्टूनसारखी. माय म्हणाली, “काय म्हनायलाय रं त्यो?”

मी सांगत गेलो. नारू फुटलेला माणूस पाण्यात पाय घालतो, तेव्हा नारू पाण्यात आपलं बी सोडतो. डोळ्याला नीट दिसायचा नाही एवढा बारीक किडा पाण्यात असतो, तो ते बी खातो. आपण पाणी पितो तेव्हा किडा पोटात जातो. किडा मरतो, बी राहतं. ते आत वाढतं आणि पायातून बाहेर येतं.

“कवा येतं भाईर?”

“येका वर्सानं, माय.”

“नीट आईक. येक वरीस म्हनला?”

मी नीट ऐकलं होतं. करीब एक साल, असंच तो म्हणाला होता. शेवटी उपाय सांगितले. पाणी दाट फडक्यातून गाळून प्या. नारू झालेल्यानं पाण्यात उतरू नये. विहिरीच्या पायऱ्या बुजवा, कठडा बांधा, वरून दोरानं पाणी शेंदा. बस्स, दहा मिनिटांत रीळ संपलं, गडी आत आले आणि देहू गाव दिसायला लागलं. बायांचे हात जोडले गेले. मायनं हात जोडल्याचं मला आठवत नाही. ती पडद्याकडं बघत होती, पण तिचं ध्यान दुसरीकडंच होतं.

परतताना गाडीत तिनं दादांना विचारलं, “अवो, तुमचा पाय फुटला तवा दिस मावळायला तुमी बारवंत पाय सोडून बसायचे न्हवं? गार वाटतं म्हनून मीच न्यायची धरून.”

“मंग?”

“त्याच्यानंच हुतं सगळं. सरकारी रिळात दाखिवलं.”

“रिळात काय बी दाखिवत्यात. हनुमान उडतोय ते बी दाखिवत्यात.”

माय थोडा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, “उडता हनुमान मी गावात पाह्यला न्हाई. नारू पाह्यलाय.”

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं दादांचं जुनं धोतर फाडलं, त्याची चौपदरी घडी केली आणि घागरीच्या तोंडाला बांधली. आजीला ते अजिबात रुचलं नाही. बारवेच्या वर महादेवाचं देऊळ. त्या पाण्यानं रोज पिंडीला अभिषेक. “म्हादेवाचं पानी गाळून पेतीस? आता देवाला बी गाळ,” असं ती म्हणाली. शेजारणी हसल्या. माय कुणाला उलटून बोलली नाही, पण फडकंही सोडलं नाही. आम्हां पोरांना दम दिला, की रानात असो, शाळेत असो, गाळल्याबिगर प्यायचं नाही. माझ्या चड्डीच्या खिशात एक फडक्याचा तुकडा कायम असायचा.

सुगीच्या दिवसांत गावकुसाबाहेरच्या वस्तीतली एक म्हातारी आमच्या रानात काढणीला यायची. तिच्याशी बोलता बोलता मायच्या ध्यानात एक गोष्ट आली. तिनं विचारलं, “तुमच्यात नारू का दिसत न्हाई ओ, आत्या?”

म्हातारी म्हणाली, “आमच्यात नारू कुठला, बाई? आमी आडाचं पानी पेतो. आडाला पायऱ्या हायत व्हय पाय घालाया?”

गावानं त्या लोकांना बारवेची पायरी कधी उतरू दिली नव्हती. वस्तीला एक अरुंद, खोल आड होता, दोरानं शेंदायचा. उन्हाळ्यात त्याचं पाणी तळाला जायचं. बाया रात्र रात्र झऱ्याला पाणी साचायची वाट पाहत बसायच्या. त्या हालांना सीमा नव्हती. पण त्या पाण्यात कुणाचा पाय पडत नव्हता, आणि नारूही नव्हता. आम्ही ज्या पाण्याला पवित्र म्हणून दुसऱ्याला शिवू देत नव्हतो, त्याच पाण्यात आमचे फुटलेले पाय बुडत होते आणि तेच आम्ही पीत होतो. रिळात याबद्दल एक अक्षर नव्हतं. हे मायनं तिच्या तिनं जुळवलं.

वैशाखात माझ्या धाकट्या भावाच्या पिंढरीला फोड आला. सहा वर्षांचं पोर, रात्रभर रडायचं. फोड फुटला, पांढरं टोक दिसलं. आणि सगळ्या आळीला तोंड फुटलं. “काय गं, चार महिने गाळून पेतेस, काय झालं मंग?” आजी तर म्हणाली, की म्हादेवाचा कोप झाला, आता तरी ते फडकं जाळ. दादा काही बोलले नाहीत, पण त्यांच्या तोंडावर ‘मी म्हणत नव्हतो का’ हे होतंच.

मायला अक्षर ओळखता येत नव्हतं. साल, महिना ती सणांवर मोजायची. तिनं बोटं मोडली आणि सगळ्यांसमोर म्हणाली, “हा नारू औंदाच्या पान्याचा न्हाई. गेल्या साली येडाईच्या जत्रंच्या टायमाला जे पानी पेलं, त्याचाय. त्यो बाबा येक वरीस म्हनलाय. पुढल्या वैशाखात या अन् मंग मला इचारा.”

रिळातली बाकी माहिती निम्मी-शिम्मी ऐकणाऱ्या कुणीही सांगितली असती. पण ते ‘एक वर्ष’ तिनं पकडून ठेवलं नसतं, तर फडकं त्याच दिवशी चुलीत गेलं असतं. तिनं भावाचा पाय पाण्याजवळ जाऊ दिला नाही. घरातच, घमेल्यात पाणी घेऊन फडक्यानं शेकायची आणि ते पाणी लांब रानात नेऊन ओतायची. रोज संध्याकाळी तुरीच्या काडीला तो दोरा बोटभर गुंडाळायची. एकवीस दिवस लागले. नारू अख्खा निघाला. माझा भाऊ आज धड चालतो.

त्याच दिवसांत तिनं दादांना विचारलं होतं, की पोराला तेवढं त्या वस्तीच्या आडाचं पाणी आणू का. त्यावर घरात जे झालं ते लिहिण्यासारखं नाही. ती चार दिवस जेवली नाही, पण आडावर काही गेली नाही. तेवढं तिला जमलं नाही. गावात ते कुणालाच जमणारं नव्हतं.

पुढचा वैशाख आला. आमच्या घरात नारू नव्हता. शेजारच्या तीन घरांत होता. माय कुणाला टोचून बोलली नाही. कुणी विचारायलाही आलं नाही. पण त्या पावसाळ्यात आमच्या आळीतल्या सहा-सात घागरींवर धोतराचं फडकं दिसायला लागलं. आमच्या गुरुजींनी बारवेच्या पायऱ्या बुजवून कठडा बांधण्यासाठी ग्रामपंचायतीकडं अर्ज लिहिला. महादेवाची पायरी बुजवणं पाप आहे आणि पंचायतीकडं पैसेही नाहीत, असं ठरून तो अर्ज राहिला.

गावातला नारू हटायला १९७२ चा दुष्काळ पडावा लागला. बारव तळापर्यंत कोरडी पडली. लोक खडी फोडायला गेले, मिलो खाऊन आणि सुकडीवर दिवस काढले. मग एक दिवस बोअरची गाडी आली. कातळ फोडून खाली गेली आणि गावात हापसा बसला. हापशाच्या पाण्यात पाय घालायची सोयच नाही. त्याचा दांडा सगळ्यांच्याच हाती आला, जरी रांगा बरेच दिवस दोन होत्या. दुष्काळ संपला, बारव पुन्हा भरली, पण पिण्याला तिचं पाणी कुणी नेईना. दोन-तीन वर्षांत नारूचं नाव ऐकू येईनासं झालं.

देशभर सरकारनं नारूच्या निर्मूलनाचा कार्यक्रम १९८३-८४ ला घेतला. पायऱ्यांच्या विहिरी बुजवणं, पाण्यात औषध टाकणं, पाणी गाळून प्यायला शिकवणं, हीच कामं गावोगाव झाली. शेवटचा रोगी १९९६ सालच्या जुलैत राजस्थानात, जोधपूर जिल्ह्यात सापडला आणि २००० साली जागतिक आरोग्य संघटनेनं भारत नारूमुक्त झाल्याचा दाखला दिला. या रोगाला लस निघाली नाही की त्याला मारणारं औषध सापडलं नाही. तो गेला तो पाणी राखल्यानं आणि गाळल्यानं.

सरकारी रिळंही गेली. त्यांच्या सक्तीविरुद्ध थेटरवाले सुप्रीम कोर्टापर्यंत गेले होते. १९९९ साली कोर्टानं सक्ती योग्य ठरवली, पण तोवर घरोघरी टीव्ही आला होता. २०२२ साली फिल्म्स डिव्हिजन दुसऱ्या महामंडळात विलीन झालं. त्याच्या मुंबईच्या आवारात, गुलशन महाल नावाच्या जुन्या बंगल्यात आणि त्याच्या शेजारी, आता सिनेमाचं संग्रहालय आहे. त्या रिळांत सरकारची टिमकी पुष्कळ असायची, हे खरंच आहे. लोक बाहेर जाऊन बिड्या ओढायचे ते उगाच नाही. पण बाया बाहेर जाऊ शकत नव्हत्या. लेकरं मांडीवर, कनातीच्या आत गर्दी. त्यांना बसून बघावंच लागायचं. त्या बसून राहिल्या म्हणून आमच्या घरात ते रीळ कुणीतरी पाहिलं.

आता आमच्या भागात तरुण पोरं बारवा साफ करतात, महाशिवरात्रीला पायऱ्यांवर दिवे लावतात. फार देखणं दिसतं ते. मीही जाऊन बसतो.

दादांनी रीळ खरं होतं असं मरेपर्यंत कबूल केलं नाही. रानात जाताना मातीच्या केळीच्या तोंडाला मात्र ते स्वतः फडकं बांधायचे. हापसा यायच्या आधी, उन्हाळ्यात संध्याकाळी ते बारवेच्या सगळ्यात वरच्या कोरड्या पायरीवर आखडलेला पाय पसरून बसायचे. खाली कुणी फुटलेला पाय घेऊन उतरायला लागला, की काठी आपटून वरून ओरडायचे, “ए, पाय भाईर काढ! लोक पेतेत ते पानी.”